गळता व्हॉल्व्ह

"आवळ," साहेब म्हणाले.

रखवालदाराने पान्हा नटाला लावला, पण हात पुढे होईना. तळं भरणाऱ्या नदीचं पाणी हा माणसाएवढ्या उंचीचा पाइप वरच्या वर शहराकडे नेत होता. त्यावरच्या हवेच्या व्हॉल्व्हमधून बोटभर धार खाली त्याच्या आत्याच्या घागरीत पडत होती. ती काही आपोआप गळत नव्हती. या टापूतला प्रत्येक रखवालदार नट जरासा सैल ठेवायचा आणि वर काही कळवायचा नाही. झाकली मूठ सव्वा लाखाची. पण शहरात वरच्या मजल्यांवर पाणी चढेना, म्हणून आज साहेब स्वतः उन्हातून पाइप तपासत आले होते.

शहर वसायच्या कितीतरी आधीपासून आत्याच्या वस्तीतली माणसं तळ्याकाठी राहायची, मासे धरायची, लव्हाळ्याच्या चटया विणायची. पाइपचा चरही त्यांनीच खणला आणि तोही हौसेने. पाणी वस्तीत येणार, अशी त्यांची समजूत होती. ते जाणार कुठे, हे कुणी विचारलंच नाही. अति शहाणा त्याचा बैल रिकामा म्हणतात. या भोळ्यांचं अख्खं तळं गेलं.

साहेब माणूस वाईट नव्हता. त्यांची बाटली संपली होती. त्यांनी अदबीने पाणी मागितलं, आत्याने घागरीतून तांब्या भरून दिला. चार घोट पिऊन बरं वाटलं म्हणाले आणि उरलेल्या पाण्याने ग्रीसचे हात धुऊ लागले. रखवालदाराला मेल्याहून मेल्यासारखं झालं. आत्याने मात्र दुसरा तांब्या भरला आणि त्यांच्या हातांवर धरला. पाहुण्याने अर्धवट धुतलेल्या हातांनी जावं, हे तिला पटत नव्हतं.

मग ती भाच्याकडे वळली. लहानपणापासून तिनेच त्याला वाढवलं होतं.

"आवळ बाळा. तुझ्या घरात खाणारी तोंडं आहेत."

"आणि उद्या तू काय करशील?"

"उद्याचं उद्या. तुला काढलं तर परका येईल. तो आम्हाला इथं सावलीलाही बसू देणार नाही."

त्याने नट आवळला. धार बारीक झाली, थेंब थेंब पडले, मग तेही थांबले. साहेब त्याच्या पाठीवर थाप मारून पुढच्या व्हॉल्व्हकडे चालू लागले.

घागर आत्याच्या डोक्यावर चढवायला रोज दोघं लागत. सवयीने तो खाली वाकला. तोवर तिने ती एका हाताने उचललीही होती.