मधले पाणी

मित्रांनो, मी बातम्या वाचण्याचे एक जुने टेबल आहे. माझ्या अंगावर एक गोल डाग आहे. त्याची गोष्ट सांगताना मला लाज वाटते, पण सांगते.

अमेरिकेतल्या ओहायोमधल्या एका लहान वाहिनीसाठी सुताराने मला अक्रोडाच्या लाकडातून घडवले. बरोबर मध्यावर पितळी पट्टी बसवली. पट्टीच्या अलीकडे एक पाहुणा, पलीकडे दुसरा. दोघांना सारखीच मिनिटे. शेवटी निवेदक व्हिटलो हसून म्हणत, "खरं काय ते मधेच कुठेतरी असतं!" लोक त्यांना निःपक्षपाती म्हणत. मीही फुगून जाई.

एकदा लोरेटा नावाची बाई आली. तिच्या गावच्या विहिरीत कारखान्याची घाण झिरपत होती. तिने लोणच्याची ओली बरणी माझ्यावर ठेवली. आत तांबूस पाणी होते.

"अहो बाई, खाली काहीतरी ठेवा. टेबलाला डाग पडेल," व्हिटलो म्हणाले.

"टेबलाला? आमची पोरं हे पितात हो!"

पलीकडून कारखान्याचा माणूस म्हणाला, "पाणी स्वच्छ आहे." लोरेटाने पर्समधून पाण्याच्या तपासणीचा कागद काढला, तोवर वेळ संपली. व्हिटलोंनी आपले वाक्य म्हटले.

मित्रांनो, त्या वेळी मला काळजी वाटली ती फक्त डागाची.

आठ वर्षांनी वाहिनी बंद पडली. बातम्यांची टर उडवणाऱ्या न्यूयॉर्कच्या एका कार्यक्रमाने मला विकत घेतले. तिथली निवेदिका नदीन मोठी खट्याळ. तिने लोरेटाच्या त्या कार्यक्रमाची जुनी चित्रफीत शोधून काढली आणि व्हिटलोंना पाहुणे म्हणून बोलावले. लोरेटाही आली, तीच बरणी भरून घेऊन. विहीर तशीच होती.

नदीनने अर्धा पेला स्वच्छ पाणी घेतले आणि वर बरणीतले ओतले. "घ्या काका, खास तुमच्यासाठी. मधलं पाणी!"

प्रेक्षक खो-खो हसले. व्हिटलोही हसले. त्यांनी पेला ओठांपर्यंत नेला आणि तिथेच थांबले. मग तो खाली ठेवण्यासाठी ते सवयीने काहीतरी शोधू लागले.

"ठेवा तसाच," लोरेटा म्हणाली. "डाग आहेच तिथे."

हसणे विरले. व्हिटलोंनी पेला त्या डागावरच ठेवला.

"बाई, तो कागद... आहे अजून?"

"पर्समध्येच आहे. तुम्ही मागितलाच नव्हता."

त्यांनी तो माझ्यावर पसरला आणि पहिल्या ओळीपासून वाचला. कोणीही घड्याळ पाहिले नाही.

मित्रांनो, मला पुसा, जपा. पण तो डाग घासू नका. माझ्या मध्यावर नुसते पितळ आहे. खरे होते ते तिथून हातभर दूर, बरणीखाली.