तळहात टेकला तेव्हा

हिगाकीच्या उजव्या गुडघ्यावर मी तिसऱ्यांदा बोटे दाबली. सूज नव्हती, उष्णता नव्हती, हालचाल निर्वेध होती.

"लिगामेंट तुटलंय असं लिहा, डॉक्टर," आयोजक नागुमो म्हणाले. "दुखापत म्हटलं की लोक हळहळतील. नाहीतर उद्या सगळं ओसाका याला हसेल, आणि मग मला हा ठेवता यायचा नाही."

हिगाकी बारा वर्षे सुमोच्या आखाड्यात होता. आदल्या वर्षी सुमो सोडताना त्याने रिवाजाप्रमाणे समारंभपूर्वक डोक्यावरची केसांची गाठ कापून घेतली आणि तो या नव्या, दोरांच्या चौकोनातल्या कुस्तीत आला. जपान युद्ध हरून दहा वर्षे झाली होती. अमेरिकन मल्ल पडलेला पाहायला लोक गर्दी करीत. त्या संध्याकाळच्या लढतीत हिगाकीने अशाच एका अमेरिकनाला सोळाव्या मिनिटाला चीत करायचे, हे आधीच ठरले होते. मला ते ठाऊक होते. पण तिसऱ्याच मिनिटाला तोल जाऊन हिगाकीचा तळहात जमिनीला लागला. सुमोत हात टेकला की हार. तो थांबला, सरळ झाला, प्रतिस्पर्ध्यापुढे कमरेत वाकला आणि दोरांखालून उतरून चालू लागला. अमेरिकन हात पसरून तसाच उभा राहिला. स्टेशनासमोरच्या टेलिव्हिजनभोवती जमलेल्या हजारोंनीही ते पाहिले.

इथले नियम वेगळे आहेत हे ठाऊक नव्हते का, असे नागुमोंनी त्याला विचारले होते. ठाऊक होते, तो म्हणाला. "पण हात टेकला ना, मालक. मी हरलो होतो."

ठरवून खेळलेल्या त्या संध्याकाळी खरा निकाल तेवढा एकच लागला होता. हे कळत असूनही मी लिहिले: गुडघा निर्दोष. असत्य विधानाखाली सही करायची नाही, हा माझा नियम. त्याची किंमत दुसरा मोजणार होता, म्हणून तो पाळणे सोपे गेले.

"एक हा खरा, एक तुम्ही खरे," कागद घेत नागुमो म्हणाले. "खोटा तेवढा मी." हिगाकीने त्याच रात्री आपली पिशवी भरली.

चार वर्षांनी तो मासळीबाजारामागे बर्फाच्या लाद्या वाहताना दिसला. मी पुष्कळ वाक्ये जुळवून ठेवली होती. तोंडून एवढेच निघाले, "गुडघा?"

"ठणठणीत आहे, डॉक्टर. तुम्ही लिहिलं होतं तसाच."

त्याच्या स्वरात मी टोमणा शोधला. सापडला नाही.

वळताना त्याचा पाय ओल्या फरशीवर सरकला. लादी निसटून फुटली. मोकळा हात जमिनीकडे गेला आणि वीतभर वरच थांबला. वाकलेल्या उजव्या गुडघ्यावर सारा भार घेऊन तो हळूहळू सरळ झाला.