घरचं मत

“तुला कसली शपथ घालायची, अगो? घरचं मत ते घरचंच.”

दहा वर्षं झाली, तरी नवऱ्याचा, राजाभाऊंचा, तो आवाज उमाताईंच्या कानातून गेला नव्हता. ग्रामपंचायतीला उभे होते तेव्हा. मतदानाच्या आदल्या दिवशी बागेतल्या सगळ्या गड्यांना त्यांनी ग्रामदेवीपुढे नेलं आणि नारळावर एकेकाचा हात ठेवून घेतला. उमाताई तबक धरून बाजूला उभ्या होत्या. निकालात मतं समसमान पडली, चिठ्ठी टाकली, चिठ्ठी दुसऱ्याची निघाली. आपलं एक मत फुटलं, हे राजाभाऊंनी धरून ठेवलं आणि ते महिपत गड्याच्या माथी मारलं. कारण काय, तर आदल्या संध्याकाळी तो समोरच्या उमेदवाराच्या पडवीत चहा पिताना दिसला होता. ज्याने कलमं पोटच्या पोरांसारखी वाढवली, त्यालाच बागेतून हाकललं.

आता नव्व्याण्णवची लोकसभा तोंडावर आली होती. कॉलेजातून निवृत्त झालेल्या राजाभाऊंकडे मुलं राज्यशास्त्र शिकायला येत. उमाताई माजघरात विळीवर खोबरं खवत होत्या.

“पंचेचाळीस सालचं इंग्लंड बघा,” ओटीवर राजाभाऊंचा आवाज चढला होता. “युद्ध जिंकून देणारा पंतप्रधान. सभांना ही गर्दी. आणि लोकांनी गुपचूप घरी बसवला त्याला. सैनिकांची मतं समुद्रापलीकडून यायची, म्हणून पेट्या तीन आठवडे बंद. निकालानंतर कोणी कोणाला विचारलं नाही, तू कोणाला दिलंस. ह्याला म्हणतात लोकशाही.”

“आणि तिथल्या बायका, सर?” मनस्विनी नावाच्या मुलीने विचारलं.

“त्या नवऱ्यामागून. पंडितांनी पाहणी करून लिहून ठेवलंय. चूल एक, मत एक.”

ओटीवर हशा पिकला. आत विळी जोरात खरखरली. खोबरं संपून करवंटी लागली, तरी उमाताईंचा हात थांबेना.

तेवढ्यात अंगणातून हाक आली. महिपतची बायको चिमा पायरीखाली उभी होती.

“भाऊ, येक शबुद हवाय. ह्येना बरा नाय. हातरुनातसून उठवत नाय. गावकार म्हनतत, खोटी शपत घेतलान, म्हनून देवीन धरलान. गुना कबूल कर, मगच गाऱ्हाना घालू. ह्ये म्हनतत, मरन पन कबूल होनार नाय. तुमी येकदा सांगा, महिपत खोटा नाय म्हनून.”

“मी कसं सांगू? शपथ मोडलीन त्याने. देवी आणि तो बघून घेतील.” राजाभाऊ मुलांकडे वळले. “बघा, आपल्याकडचे मतदार हे असे.”

 बागेत वाळक्या पानांचा पातेरा झाडताना चिमा गायची, ते उमाताईंना आठवलं:

नारळ फुटला देवळात, खोबरं गेलं वाड्यात,
करवंटी आली गं बाई खऱ्याच्या वाट्यात.

तेव्हा त्यांनीही तिच्यामागून सूर धरला होता. आज ती करवंटी त्यांच्याच हातात होती. एवढी वर्षं पेटी बंद ठेवली, आणि आत कुजला तो महिपत. नवऱ्याचा राग आला, त्याहून जास्त स्वतःच्या मिटल्या तोंडाचा. त्या उठल्या, तशाच खोबऱ्याच्या हातांनी ओटीवर आल्या.

“खाली का उभी? वर ये, चिमा.”

“अगो, शिकवणी चाललेय. आत जा.”

“नाही जायची.” उमाताईंनी चिमाचा हात धरला. “देवळात जाऊया. गावकऱ्यांना मीच सांगते.”

“काय सांगणार तू?” राजाभाऊ हसले. मुलांच्या वह्या मात्र मिटल्या होत्या.

“की नारळावर हात ठेवलेला एकही माणूस फुटला नाही,” उमाताई म्हणाल्या. “शपथ मलाच घातली नव्हतीत तुम्ही. ते मत माझं होतं.”