उपरे दिवस

रामप्रसादांनी बोटांच्या पेरांवर पुन्हा मोजलं आणि या खेपेला दहा आले. मघाशी बारा आले होते. त्यांनी चष्मा पुसला आणि गठ्ठ्यातलं दोनशे बारावं पान परत समोर ओढलं.

औरंगपुऱ्यातल्या या छापखान्याच्या माडीवर ते पस्तीस वर्षं प्रुफं तपासत होते, त्यातली निम्मी पंचांगांची. पण पंचांगाला निदान सूर्यचंद्राचा धाक असतो. ही कादंबरी होती प्रेरणा नावाच्या तरुण लेखिकेची, आणि तिच्या राज्यात सगळा मनाचा कारभार. तिथं दिवस उजाडल्यावर नव्हे, मेंढरं पाण्यावर गेली की सुरू होतो. देवगाव रंगारीला मेंढरांमागं वाढलेल्या रामप्रसादांना एवढं मात्र मनापासून पटलं होतं. वर्षाचे महिने अकरा, महिन्याचे दिवस तेहेतीस. वर्ष सरताना दोन दिवस उरतात, ते कुठल्याच महिन्याचे नाहीत. त्यांना तारीख नाही, वार नाही. लोक त्यांना उपरे दिवस म्हणतात.

कथेतली मुलगी शेवटच्या महिन्याच्या पाच तारखेला निघते आणि चाळीस दिवस चालते. नव्या वर्षाच्या अकरा तारखेला किल्ल्याचा दरवाजा कायमचा बंद होतो, आत तिचा भाऊ असतो, आणि ती पोचते बाराला.

एवढ्याशा हिशेबावर रामप्रसादांचं सगळं येऊन अडलं होतं. गेल्या महिन्यात त्यांच्या हातून एका पुस्तकाची आठ पानं न तपासताच सुटली. त्याआधी एकदा ते खाली चौकात उभे राहिले आणि छापखान्याची गल्ली कुठली, तेच आठवेना. मालक अजिनाथ रागावला नाही. "काका, आता आराम करा की," एवढंच म्हणाला, आणि ते त्यांच्या जिव्हारी लागलं. घरी बायकोला, सत्यशीलाबाईंना, त्यांनी यातलं काही कळू दिलं नव्हतं. रामप्रसादांना भीती वाटत होती, सरळ भीती. हे पुस्तक नीट पार पडलं तर डोकं ठिकाणावर आहे, असं त्यांनी स्वतःशी ठरवून टाकलं होतं.

पाचापासून तेहेतिसापर्यंत अठ्ठावीस. दोन उपरे धरून तीस. उरले दहा.

म्हणजे दहाच! आपणच निर्माण केलेले दोन दिवस लेखिका विसरली होती. जिन्यावर पावलं वाजली आणि प्रेरणा स्वतःच आत आली. काखेत तिची प्रत होती, मागं अजिनाथ.

"ये बाई, बस," रामप्रसाद उठूनच उभे राहिले. "तुझी पोरगी उशिरा पोचतच नाय! उपरे दिवस धरले नाय तू. दहा तारखेलाच पोचती ती. एक दिवस हातात ऱ्हातो."

प्रेरणानं अजिनाथकडं पाहिलं. तो खिडकीकडं बघू लागला.

"खरंच की, काका," ती म्हणाली. "बरं झालं सांगितलंत."

चूक दाखवली की लेखक भांडतात, नाहीतर कपाळाला हात लावतात. ही दोन्हीतलं काहीच करत नव्हती.

"आण, तुझ्या प्रतीवर बी खूण करतो."

"राहू द्या काका, मी करते."

पण त्यांनी प्रत ओढून पान काढलंसुद्धा होतं. समासात लाल शाईनं अठ्ठावीस, दोन आणि दहा एकाखाली एक मांडले होते. खाली लिहिलं होतं, 'उपरे दिवस धरले नाहीत.' अक्षर त्यांचंच होतं. शाई त्यांच्याच पेनाची.

"ही प्रत तुला कवा दिली मी?"

"काल, काका." तिचा आवाज अगदी खाली गेला. "हा गठ्ठा अजिनाथदादांना वाचायला काढलेला. तपासून झालंय सगळं."

रामप्रसाद हळूच खुर्चीत बसले. खाली रिक्षावाले एकमेकांवर खेकसत होते. त्यांनी कालचा दिवस आठवून पाहिला. सकाळचा चहा आठवला, पण तो कालचाच की आजचा, हे सांगता येईना.

"काल बी दहाच आले व्हते?"

"हो काका. दहाच."

"मंग बरोबर हाय."

मग त्यांनी पिशवी उचलली आणि प्रेरणाकडं पाहिलं.

"माझ्यासंगं घरी चलतीस का, बाई? तुझ्या काकूला सांगायचं हाय हे. वाटंतच इसरन मी."