चौतीस पूर्णांक दोन

मित्रांनो, बारीक जाडी मोजणारा पोलादी व्हर्निअर कॅलिपर तुम्ही प्रयोगशाळेत पाहिला असेल. मी त्यांपैकीच एक, जरा जुना. बेअरिंगच्या कारखान्यात तपासणीच्या टेबलावर माझी वीस वर्षे गेली. तेथे माझा शब्द शेवटचा असे.

मग तपासणीला एक तरुण मुलगी आली. तिचा हात इतका हलका, की मला तिचा लळाच लागला. एकदा जेवणाच्या सुट्टीत तिने मला रुमालात गुंडाळून स्वच्छतागृहात नेले आणि माझ्यात आपले नाक धरले. चौतीस पूर्णांक दोन मिलिमीटर. दुसऱ्या दिवशी तेवढेच. महिनाभर तेवढेच.

समोर आरसा होता. त्याच्यावर ना खुणा, ना आकडे. तरी माझा आकडा वाचून ती विश्वास ठेवायची त्याच्यावर! "आज अजून पसरलंय," ती पुटपुटायची. मी जळून खाक व्हायचो. तीही जळत होती. "धाकट्या बहिणीचं कसं नाजूक आहे," असे रोज म्हणायची.

अखेर तिने खापर माझ्यावर फोडले. माझे शून्य सरकले आहे, अशी लाल चिठ्ठी लावून मला फेरतपासणीला पाठवले. असा अपमान माझा कधी झाला नव्हता. दोन दिवसांनी विभागप्रमुख बाई मला घेऊन तिच्याकडे आल्या.

"अगं, हा तर अगदी बरोबर आहे. कुठला माल चुकला?"

"माल नाही, मॅडम. नाक."

बाई हसल्या नाहीत. "किती वेळा मोजतेस?"

"सुट्टी संपेपर्यंत. जेवण राहूनच जातं. घरीही मी एकटीच जेवते. धाकटी समोर बसली की घास उतरत नाही."

"आकडा बदलतो?"

"नाही. पण मला दिसतं ना, मॅडम."

"दिसत असेल. माझं बटाट्यासारखं आहे, पण मी काही त्याच्यासाठी उपाशी राहत नाही. हे आपल्या टेबलावरचं काम नाही बाई, डॉक्टरांचं आहे. उद्या रजा टाक. मी येते बरोबर."

आता ती दर आठवड्याला मनाच्या डॉक्टरांकडे जाते. त्यांचाही मला हेवा वाटतो. काही दिवस अजून वाईट जातात. त्या दिवशी तिचा हात माझ्याकडे वळतो आणि मध्येच थांबतो.

मित्रांनो, आम्हा उपकरणांना पुसून, तेल लावून ठेवा. पण तुमची एखादी मैत्रीण आपल्याच चेहऱ्याला भिऊ लागली, तर तिला आकडे सांगू नका, हसू तर मुळीच नका. तिच्याबरोबर जा.

काल सुट्टीत तिने सगळ्यांमध्ये बसून डबा संपवला. मला कोणी उचललेसुद्धा नाही. वाईट वाटले. पण असेच चालू द्या.