मंडळींची पाठवणी

घड्याळजींनी तिसऱ्यांदा तेच बटण दाबलं आणि तिसऱ्यांदा पडद्यावर तीच ओळ उमटली : ‘घड्याळात बदल आढळला आहे. पाठवणी चोवीस तासांनंतर करता येईल.’ दुकानाच्या भिंतीवरच्या सगळ्या घड्याळांत तीन वाजून पाच मिनिटं झाली होती. जुन्या खेळातले प्राणी नव्या खेळात पाठवण्याची सोय कंपनी आज संध्याकाळी सहाला कायमची बंद करणार होती. हातात तीन तास होते आणि खेळ म्हणत होता, उद्या या.

शटर त्यांनी अर्धं ओढून घेतलं होतं. कामाच्या मेजावर, दिव्याखाली दोन यंत्रं होती. एक जुनं, बिजागरी सैल झालेलं, बटणांवरची अक्षरं बोटांनी पुसून गेलेलं. दुसरं कालच पार्सलने आलेलं. जुन्यात त्यांच्या बायकोने नऊ वर्षांत पकडलेले, वाढवलेले, नावं दिलेले दोनशे शहाऐंशी प्राणी होते. ती त्यांना ‘आमची मंडळी’ म्हणायची. मंडळींना नव्या घरी पोचवायचं काम ती आज स्वतःच करणार होती. पण सकाळी हॉस्पिटलमधून फोन आला की खाट रिकामी झाली आहे, आजच दाखल व्हा, ऑपरेशन उद्या सातला.

गाठ डोक्यात डावीकडे होती. डॉक्टरांनी आडपडदा न ठेवता सांगितलं होतं की जीव वाचेल, पण उजवा हात दुबळा होईल, वाचा परत यायला महिने लागतील आणि ती पुरती येईलच असं नाही. त्यावर ती म्हणाली होती, ‘‘मग तर मंडळी हवीतच. त्यांच्याशी बोलावं लागत नाही.’’ नवं यंत्र एका हातानेही चालवता येत होतं, म्हणून तर ते मागवलं. दुपारी वॉर्डात खाटेवर बसल्या बसल्या तिने त्यांच्या हाती वही दिली. अकरा पायऱ्या, सुवाच्य अक्षरात, आणि खाली दोनदा अधोरेखित केलेली ओळ : ‘बाकी कशालाही हात लावू नका.’

पण दुकानात येऊन जुनं यंत्र उघडल्याबरोबर घड्याळजींच्या नजरेस काय पडावं, तर कोपऱ्यातलं घड्याळ. दुपारचे पावणेतीन वाजलेले आणि ते रात्रीचे पावणेनऊ दाखवत होतं. एकेचाळीस वर्षं चुकीचं घड्याळ दिसलं की त्यांचा हात आपोआप पुढे जात आला होता. लोकांकडे पाहुणे म्हणून गेले तरी भिंतीवरचं घड्याळ उतरवून, वेळ लावून, मगच पाणी घ्यायचे. घड्याळ हे काही ‘कशालाही’मध्ये येत नाही, असं त्यांनी धरलं. सहा तास मागे घेतले, मिनिटंही जुळवली आणि मग पहिली पायरी वाचायला घेतली. हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते हेच.

त्यांनी यंत्र बंद करून चालू केलं. बॅटरी काढली, पुसली, पुन्हा बसवली. वायफायचा डबा बंद करून शंभर आकडे मोजले. मग डोकं लढवून घड्याळ परत सहा तास पुढे केलं, तर खेळाने तोही बदल टिपला आणि चोवीस तास नव्याने सुरू केले. आगीतून फुफाट्यात. कंपनीच्या मदत-क्रमांकावर एक गोड आवाज म्हणाला की रांगेत आपण एकशे बारावे आहात. वीस मिनिटं बासरी ऐकल्यावर ते एकशे चौथे झाले. तेव्हा त्यांनी फोन ठेवला आणि चिमट्याने यंत्राच्या मागचा स्क्रू चाचपला. केसाएवढी स्प्रिंग बसवणाऱ्या त्यांना तो फिरवायचं धाडस होईना. त्यांनी चिमटा खाली ठेवला.

वहीच्या शेवटच्या पानावर, पेन्सिलीने, एक फोन नंबर होता. ‘अगदीच अडलं तर काजवा.’ खेळातल्या ओळखीचं कुणीतरी असणार. बाई की बुवा, तेही त्यांना ठाऊक नव्हतं. बुडत्याला काडीचा आधार म्हणून त्यांनी नंबर फिरवला.

सव्वाचारला शटरखालून वाकून एक पंचेचाळिशीची बाई आत आली. अंगावर बस चालवणाऱ्यांचा गणवेश, खांद्याला पिशवी. कामाची पाळी संपवून ती थेट इकडेच आली होती. तिने पिशवीतून तसलंच एक जुनं यंत्र काढलं, त्यांच्या यंत्रातला संदेश वाचला आणि सुस्कारा सोडला.

‘‘भाऊजी, जन्मभर जगाची घड्याळं बरोबर केलीत. एक चुकलेलं तेवढं बघवलं नाही तुम्हाला?’’

‘‘सहा तास पुढे होतं हो.’’

‘‘तिनेच ठेवलं होतं. काही प्राणी फक्त रात्रीच बाहेर पडतात. आणि रात्री तुम्ही घरी असता.’’

‘‘मी कधी नको म्हटलं?’’

‘‘तुम्ही नव्हे, तीच म्हणाली. तुम्ही आलात की दुकानातल्या गोष्टी सांगता, तेव्हा हातात यंत्र बरं दिसत नाही. म्हणून दुपारचीच रात्र करून घेतली तिने.’’

घड्याळजींनी चष्मा काढून उगाचच पुसला. त्यांना तिची दुपार कशी जाते हे कधी विचारायचं सुचलं नव्हतं.

काजव्याने बाह्या वर सारल्या. पाठवणीला कुलूप लागलं असलं तरी अदलाबदल चालू आहे, असं तिने समजावलं. म्हणजे तुमच्या यंत्रातला एक प्राणी माझ्याकडे, माझ्यातला एक तुमच्याकडे. मग माझ्या यंत्रातून मी तो सहाच्या आत वर, नव्या खेळात पाठवते; तिथून तो तिच्या नव्या यंत्रात घेता येईल. माझ्या घड्याळाला कुणी हात लावलेला नाही. फक्त प्रत्येक अदलाबदलीला अडीच मिनिटं लागतात. दोघांनी निरोपाचे हात हलवायचे असतात, ते काही टाळता येत नाही. आणि शेवटची दहा मिनिटं वर पाठवायला ठेवायची.

‘‘म्हणजे किती होतील?’’ त्यांनी विचारलं, पण हिशोब मनात होऊन गेला होता.

‘‘अडतीस. एकही खोळंबा झाला नाही तर.’’

‘‘दोनशे शहाऐंशींतले?’’

‘‘दोनशे शहाऐंशींतले.’’

रडायलाही अडीच मिनिटं परवडणार नव्हती, म्हणून ते स्टूल ओढून बसले. काजवा सांगेल तो प्राणी ते निवडत, दोघं एकदम बटण दाबत, पडद्यावर काहीतरी पिसांचं किंवा खवल्यांचं जनावर हात हलवत निघून जाई आणि त्याच्या जागी काजव्याकडची एखादी फालतू अळी येई. आधी तिने चकाकणारे घेतले. हजारांत एखादा निघतो, लोक ह्यांच्यासाठी एकमेकांच्या हातापाया पडतात, म्हणाली. असे सोळा गेले. पाचला पाच कमी होते.

‘‘दुर्मिळ संपले,’’ काजवा म्हणाली. ‘‘आता उरलेत ते पैशाला पासरी. कोणता घेऊ?’’

घड्याळजी यादी खाली सरकवू लागले. आतापर्यंत त्यांनी नावं वाचलीच नव्हती, नुसता रांगेतला आकडा बघून बोट ठेवलं होतं. आता वाचली. ‘उलटा पट्टा’ नावाचा एक गोगलगायीसारखा प्राणी होता. ‘कानाशी धरणारी’ होती. ‘पाऊण तास जावई’ होता. ‘रडका सराफ’ होता.

त्यांचं बोट थांबलं. रडका सराफ त्यांच्या दुकानात आला होता, सहा वर्षांपूर्वी, वडिलांचं बंद पडलेलं घड्याळ घेऊन; ते चालू झाल्यावर काउंटरवर डोकं टेकून रडला होता. पाऊण तास जावई म्हणजे सासऱ्याने दिलेलं घड्याळ मुद्दाम मागे करून घेणारा तो इसम. ह्या सगळ्या गोष्टी त्यांनी जेवताना तिला सांगितल्या होत्या. ती ताटातून मान वर न काढता ‘हं’ म्हणायची. हिचं लक्ष नाही, असं समजून त्यांनी कितीदा तरी आवाज चढवला होता. पान उलटावं तशी त्यांनी यादी पुढे नेली, आणखी पुढे नेली. एकेचाळीस वर्षांची त्यांची गिऱ्हाइकं तिथे शेपट्या आणि शिंगं लावून ओळीने उभी होती.

आणि तिने काय सांगितलं होतं? काहीतरी सांगितलं होतं खरं. ह्या प्राण्यांतल्याच कुणाचंतरी, एकदा अंथरुणावर पडल्यावर, बराच वेळ. ते ‘बरं बरं’ म्हणाले होते आणि त्यांनी दिवा मालवला होता. त्यातला एक शब्द आठवेना. त्यांना स्वतःची विलक्षण लाज वाटली.

‘‘भाऊजी, तीन मिनिटं गेली.’’

‘‘मला निवडता येत नाही हो. तिला कोणता हवा, मला माहीतच नाही.’’

‘‘मग तिलाच विचारा.’’

‘‘उद्या तिचं डोकं उघडणार आहेत. आज कसं सांगू, की मी सगळं घालवलं म्हणून?’’

काजव्याने आपलं यंत्र मांडीवर ठेवलं आणि त्यांच्याकडे नुसती बघत राहिली. घड्याळजींनी फोन उचलला.

‘‘झालं का हो?’’ पलीकडून ती म्हणाली. आवाज ताजातवाना होता.

‘‘नाही झालं.’’ ते म्हणाले. ‘‘मी घड्याळ बरोबर केलं.’’

पलीकडे वॉर्डातल्या ढकलगाडीची चाकं ऐकू आली.

‘‘कधी?’’

‘‘पावणेतीनला. अगदी आल्या आल्या.’’

‘‘वाटलंच होतं मला,’’ ती हळूच म्हणाली. ‘‘वहीत लिहिणार होते, घड्याळाला हात लावू नका. मग म्हटलं, लिहिलं तर मुद्दाम बघाल.’’

‘‘चुकलो मी. फार चुकलो.’’

‘‘काजवा आलीय?’’

‘‘आलीय. सोळा पोचवले, चकाकणारे. अजून वीस होतील. तू नुसती नावं सांग, मी लिहून घेतो. लवकर सांग.’’ त्यांनी पेन्सिल उचलली.

‘‘नुसती वीस?’’

‘‘वीस.’’

पलीकडून नाक ओढल्याचा आवाज आला. ‘‘झोपाळू घ्या आधी.’’

काजव्याला त्यांनी नाव दाखवलं. तिने दोन्ही यंत्रं आपल्याकडे ओढून बटणं दाबली. पडद्यावर एक करड्या रंगाचं, जाड पापण्यांचं, दिसायला अगदीच सामान्य जनावर हात हलवू लागलं. ह्याच्यात काय आहे, असा प्रश्न घड्याळजींच्या तोंडून निघून गेला. विचारायचा नव्हता, वेळ नव्हता.

‘‘झोपाळू ना?’’ ती म्हणाली, आणि तिचा आवाज बदलला. ‘‘अहो, तो मला पहिल्या वर्षी मिळाला. माझी कंबर धरली होती, आठवतं? खाटेवरून उठता येत नव्हतं. खेळात एक पडकी गिरणी आहे, तिच्या मागे विहीर. सगळे म्हणायचे तिथे काही नाही. मी रोज जायची. रोज. दुसरं करायचं काय? बाविसाव्या दिवशी तळाशी दोन डोळे दिसले…’’

अदलाबदल संपली. काजव्याने बोट वर करून खूण केली : पुढचा?

घड्याळजींनी तिच्याकडे पाहिलं. भिंतीवर सगळीकडे पाच वाजून आठ मिनिटं झाली होती.

‘‘…वर येईना काही केल्या. दोरी टाकली, तर दोरीवरच झोपला. मी इतकी हसले की कंबरेतून कळ आली. तुम्हाला फोन करणार होते दुकानात. मग म्हटलं, गिऱ्हाईक असेल.’’ ती थांबली. ‘‘अहो, उशीर होतोय ना तुम्हाला? दुसरं नाव घ्या, लिहा…’’

‘‘नाव विचारा,’’ काजवा नुसत्या ओठांनी म्हणाली.

घड्याळजींनी पेन्सिल खाली ठेवली, फोन एका कानावरून दुसऱ्या कानाला लावला आणि स्टूल भिंतीशी नेऊन पाठ टेकली.

‘‘गिऱ्हाईक नाहीये,’’ ते म्हणाले. ‘‘मग वर कसं काढलंस त्याला?’’