जळत्या घराचं कुलूप

टीव्हीवर घातलेल्या विणलेल्या रुमालाचं टोक पडद्यावर लोंबत होतं आणि त्याआड बोलणाऱ्या समीक्षकाचं अर्धं तोंड झाकलं होतं – दत्तराव मास्तरांना ते बरंच वाटत होतं, कारण उरलेल्या अर्ध्या तोंडानंही तो सूर्यभानबद्दलच बोलत होता. याच गावचा सूर्यभान, ज्याचे ऱ्हस्व-दीर्घ परभणीच्या कॉलेजात आपण दुरुस्त केले... आता त्याच्या कादंबरीवरून मुंबईत दोन विद्वान भांडताहेत, आणि इथं किशनरावांच्या बैठकीत अर्धं गाव कान देऊन बसलंय. आपल्या दोन कथासंग्रहांवर कुणी साधं रागावलंसुद्धा नाही.

पहिला समीक्षक म्हणत होता, नामांतराच्या दंगलीत वस्ती पेटते आणि कादंबरीतली बाई जळत्या घराला कुलूप लावून निघते, हे निव्वळ बनावट. कुठली बाई असं करेल? दुसरा म्हणाला, तीच तर लेखकाच्या प्रतिभेची झेप.

प्रतिभा – दत्तरावांच्या कानाच्या पाळ्या तापल्या. इथली वस्ती पेटली त्या रात्री सूर्यभान मुंबईत होता. पाराआड उभा मी होतो... धुरपदाबाईनं कडी ओढली, कुलूप घातलं, बसलं का म्हणून हिसका देऊन पाहिलं, आणि वर छप्पर धडधडत होतं – हे मी पाहिलं. कितीतरी वर्षं माझ्यापाशी नुसतं पडून होतं ते. एका दिवाळीला सूर्यभान आला, चहा पिता पिता त्याला सांगितलं, बस्स, एवढंच...

किशनरावांनी टीव्हीचा आवाज बारीक केला. "मास्तर, तुमी तर तवा गावातच व्हते. समदं खोटंच लिवलंय ना त्यानं? लय बदनामी करायलाय गावाची."

भाषा कच्ची आहे, एवढं म्हटलं असतं तरी भागलं असतं. पण पडद्यावरचा दुसरा अजून प्रतिभाच म्हणत होता.

"कुलूप खरं हाय," दत्तराव म्हणाले. "त्याच्या मनातलं न्हाई ते. मी बघितलंय."

किशनरावांचा धाकटा भाऊ सीताराम भिंतीला टेकून बसला होता. त्यानं पाय जवळ घेतले.

"आजून काय काय बघितलं, मास्तर?" किशनरावांनी हळूच विचारलं.

सूर्यभानकडून तो एक शब्द हिसकावून घ्यायचा, इतकंच तर मनात होतं. त्या वाक्याचं दुसरं टोक जाळणाऱ्यांकडे वळतं, हे ध्यानातच आलं नाही... दत्तराव आठवू लागले – पाराआडून काय दिसलं, रॉकेलचा डबा कुणाच्या हातात होता, धुरपदाबाई वळली तेव्हा तिचा चेहरा – आणि जे जे आठवे ते सूर्यभानच्या वाक्यांत आठवे, त्याच्याच स्वल्पविरामांसकट; त्याच्या आधीचं, आपलं असं, काही हाताला लागेना.